ग्रामीण नभोवाणी : बोलणारे केंद्र आणि विचारणारे गाव

शेतीसुधारणेचे ज्ञान प्रयोगक्षेत्रावरून शेतकऱ्याच्या बांधापर्यंत पोहोचविणे हे विस्तारकार्याचे मूळ प्रयोजन होय. या कामी जी साधने आजवर उपयोगात आली, त्यांत नभोवाणीचे स्थान विशेष आहे. छापील पत्रक वाचावयास अक्षरओळख लागते. प्रात्यक्षिक पाहावयास तेथवर जावे लागते. नभोवाणीचा शब्द मात्र ओढ्याला पूर आला तरी अडत नाही आणि निरक्षराच्या कानाशीही तितक्याच सहजतेने येतो.

परंतु या साधनात एक उणीव जन्मतःच आहे. केंद्रावरून बोलणाऱ्या तज्ज्ञास ऐकणाऱ्याचा चेहरा दिसत नाही. आपले म्हणणे पटले की नाही, माप समजले की नाही, सांगितलेले औषध त्या गावी मिळते की नाही, हे त्यास कळण्याचा मार्ग नसतो. शेतकरीही ऐकलेले मनात ठेवतो, शंका आली तर ती मनातच राहते आणि दुसऱ्या दिवशी कामाच्या घाईत दोन्ही विसरली जातात. ही उणीव कशी भरून काढता येईल, याचा एक महत्त्वाचा प्रयोग महाराष्ट्राच्याच भूमीवर झाला. त्याचा धडा आजही उपयोगी आहे.

पुण्याचा प्रयोग

आकाशवाणीचे पुणे केंद्र १९५३ मध्ये सुरू झाले. त्यानंतर अवघ्या तीन वर्षांनी, म्हणजे १९५६ च्या फेब्रुवारी ते एप्रिल या काळात, युनेस्कोच्या साहाय्याने आकाशवाणीने या केंद्रावरून एक योजना राबविली. तत्कालीन मुंबई राज्यातील पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा व कोल्हापूर या पाच मराठी जिल्ह्यांतील सुमारे १५० गावे तिच्यासाठी निवडण्यात आली. मूळ कल्पना कॅनडातील होती. तेथे १९४१ पासून शेतकऱ्यांचे गट शेजाऱ्याच्या घरी जमून नभोवाणीवरील कार्यक्रम ऐकत, त्यावर चर्चा करीत आणि आपले मत लेखी कळवीत. ‘वाचा, ऐका, चर्चा करा, कृती करा’ हे त्यांचे ब्रीद होते. आपल्याकडे निरक्षरता मोठी असल्याने त्यातील पहिला शब्द गळला आणि ‘ऐका, चर्चा करा, कृती करा’ एवढे तीन शब्द उरले.

प्रत्येक गावी सुमारे वीस जणांचे एक श्रोतृमंडळ स्थापन झाले. त्यास एक अध्यक्ष व एक चिटणीस असे. दहा आठवडे, आठवड्यातून दोनदा, संध्याकाळी अर्ध्या तासाचा कार्यक्रम होई. असे एकूण वीस कार्यक्रम झाले. कार्यक्रम संपल्यावर मंडळी उठून जात नसत. ऐकलेल्या विषयावर तेथेच चर्चा होई, चिटणीस तिचा वृत्तांत लिहून घेई व तो शंकांसह केंद्राकडे पाठवी. त्यांतील प्रश्नांची उत्तरे पुढे केंद्रावरून दिली जात. अशा रीतीने जो शब्द आजवर केवळ केंद्राकडून गावाकडे येत असे, तो गावाकडून केंद्राकडेही जाऊ लागला.

योजनेचे यशापयश तपासण्याचे काम मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेकडे होते व समाजशास्त्रज्ञ पॉल न्यूरॅथ यांनी ते पाहिले. श्रोतृमंडळे असलेल्या गावांची तुलना मंडळे नसलेल्या गावांशी करण्यात आली. या दुसऱ्या वर्गात काही ठिकाणी रेडिओ होता, काही ठिकाणी नव्हता. निष्कर्ष विचार करावयास लावणारा निघाला. मंडळे असलेल्या गावांत लोकांच्या माहितीत फार मोठी भर पडली होती आणि तिचा लाभ साक्षरांप्रमाणे निरक्षरांनाही झाला होता. मंडळ नसलेल्या गावांत मात्र ही वाढ नगण्य होती. गावात रेडिओ असणे आणि गावाने रेडिओचा उपयोग करून घेणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे त्यातून स्पष्ट झाले. शिवाय चर्चेची सवय लागल्यावर ही मंडळे गावच्या सामायिक कामांविषयी निर्णय घेण्यासही पुढे सरसावली.

चर्चेने काय साधते?

एका साध्या उदाहरणाने हे समजून घेता येईल. समजा, केंद्रावरून ज्वारीच्या दाणे काणीविषयी सांगण्यात आले. कणसात दाण्याच्या जागी काळ्या भुकटीने भरलेल्या पिटिका दिसू लागल्या की त्या हंगामात उपाय उरत नाही. या रोगाची बीजे बियाण्याच्या बाहेरील अंगास चिकटून येतात. म्हणून पेरणीपूर्वी दर किलो बियाण्यास ३०० मेश गंधकाची ४ ग्रॅम भुकटी चोळावी, असा सल्ला तज्ज्ञाने दिला व कार्यक्रम संपला. एकटा ऐकणारा शेतकरी मान डोलावतो आणि झोपावयास जातो.

मंडळात मात्र लगेच प्रश्न निघतात. चार ग्रॅम मोजावयाचे कशाने? तेव्हा एखादा जाणता सांगतो की, एकराला चार किलो बियाणे लागते, म्हणजे सोळा ग्रॅम गंधक झाले. दुकानदाराकडून तेवढीच पुडी बांधून आणावी. भुकटी सर्व दाण्यांस सारखी कशी लागेल? मडक्यात बियाणे व गंधक घालून तोंड बांधावे व मडके चांगले हलवावे, असे दुसरा सुचवितो. ‘माझ्या शेतात काणी नव्हती, मग मी हा खर्च का करावा?’ असे तिसरा विचारतो. त्यास उत्तर मिळते की, मळणीच्या वेळी काणीची चारदोन कणसे जरी खळ्यावर आली, तरी त्यांची भुकटी सगळ्या राशीस लागते. उरलेला प्रश्न गंधक वेळेवर कोठे मिळेल हा. तो चिटणीस लिहून घेतो व केंद्राकडे, तसेच तालुक्याच्या कृषी कार्यालयाकडे पाठवितो.

येथे आणखी एक प्रश्न आहे आणि तो बहुधा विचारलाच जात नाही. घरात बियाण्याची कणसे निवडणे, ते राखेत घालून कणगीत जपणे, हे काम बहुतेक घरी स्त्रिया करतात. ज्या बैठकीत स्त्री नाही, त्या बैठकीतील सल्ला ज्या हातांनी अमलात यावयाचा त्या हातांपर्यंत पोहोचतच नाही. यात केवळ पिकाची हानी नाही. औषध चोळलेले बियाणे पेरणीनंतर थोडे उरते. ते दळणात जाऊ नये, हे घरातील स्त्रीस कोणी सांगितले नाही, तर जिवावरचा प्रसंग ओढवू शकतो. गंधकाहून कितीतरी जहाल औषधे आज बियाण्यास लावली जातात, हे ध्यानी घेतले म्हणजे बैठकीत कोणास बोलाविले याचे महत्त्व कळून येईल. हीच गोष्ट शेतमजुराची. फवारणीचा पंप ज्याच्या पाठीवर असतो, त्याला कार्यक्रमाचे निमंत्रण नसेल, तर काळजीचे सगळे शब्द वाया गेले असे समजावे.

भरती आणि ओहोटी

पुण्याच्या अनुभवावरून १९५९ पासून ही योजना देशभर नेण्यात आली व पुढील काही वर्षांत हजारो मंडळे उभी राहिली. १९६० नंतरच्या दशकात अधिक उत्पन्न देणाऱ्या वाणांचा प्रसार सुरू झाला, तेव्हा नभोवाणीने मोठी कामगिरी बजावली. तमिळनाडूतील तंजावर भागात एडीटी २७ या भाताची माहिती तिरुचिरापल्ली केंद्रावरून इतकी घरोघर पोहोचली की, शेतकरी त्या वाणास ‘रेडिओ भात’ म्हणू लागले. मात्र कानावर आलेले नाव शेतात रुजण्यास पेरणीच्या वेळी बियाणेही हाती यावे लागते, हे विसरून चालणार नाही.

पुढे श्रोतृमंडळांना ओहोटी लागली. पुण्यात जे दहा आठवडे कसून राखले गेले, ते देशभर वर्षानुवर्षे राखणे सोपे नव्हते. सार्वजनिक रेडिओ बिघडला की तो दुरुस्त होऊन येईपर्यंत बैठका थांबतात. एकदा थांबलेली बैठक पुन्हा भरविणे नवे मंडळ काढण्याहून कठीण असते. पुढे स्वस्त ट्रान्झिस्टर घरोघर आले व एकत्र बसून ऐकण्याचे निमित्तच राहिले नाही. सर्वांत घातक गोष्ट म्हणजे उत्तर न येणे. पाठविलेल्या प्रश्नाला उत्तर मिळाले नाही, तर गाव दुसरा प्रश्न पाठवीत नाही. विहिरीचा झरा बुजला की ती आटलीच, तसे हे आहे.

गावची स्वतःची केंद्रे

याच सुमारास एक वेगळा विचार मूळ धरीत होता. दूरच्या शहरातील केंद्राला गावाने पत्र पाठविण्याऐवजी केंद्रच गावात का असू नये? ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये दिला. २००२ मध्ये शिक्षणसंस्थांना आणि २००६ मध्ये स्वयंसेवी संस्था व कृषी विज्ञान केंद्रे यांनाही लहान सामुदायिक केंद्रे चालविण्याची मुभा शासनाने दिली. अशा केंद्राची प्रक्षेपणशक्ती सामान्यतः १०० वॅट असते आणि त्याचा आवाज आसपासच्या दहापंधरा किलोमीटरच्या टापूत ऐकू येतो. निदान अर्धे कार्यक्रम स्थानिक लोकांच्या सहभागाने तयार झालेले असावेत, असा दंडक आहे.

या केंद्रांना स्वतःच्या बातम्या देण्याची परवानगी मात्र नाही; आकाशवाणीच्या बातम्या ती पुन्हा प्रसारित करू शकतात. तथापि हवामान, पाणी व वीजपुरवठा, नैसर्गिक आपत्ती, आरोग्यविषयक इशारे, परीक्षा व नोकऱ्या, सण-उत्सव यांविषयीच्या स्थानिक सूचना त्यांना देता येतात. रात्री वीज केव्हा येणार हे ज्याला मोटारीजवळ जाग्रण करून पाहावे लागते, त्या शेतकऱ्याच्या दृष्टीने हीच दिवसाची पहिली बातमी होय.

सातारा जिल्ह्यातील माण हा पर्जन्यछायेचा, वारंवार दुष्काळ सोसणारा तालुका. तेथील म्हसवड गावी ‘माणदेशी तरंग’ हे केंद्र २००८ मध्ये सुरू झाले. ते चालविणारी संस्था मुख्यत्वे ग्रामीण स्त्रियांसाठी काम करणारी आहे. त्याच वर्षी १५ ऑक्टोबर रोजी आजच्या तेलंगणातील जहिराबाद भागात, माचनूर गावी, ‘संघम रेडिओ’ सुरू झाला. तो दलित शेतकरी स्त्रिया चालवितात. त्याची कथा बोधप्रद आहे. ध्वनिमुद्रणाची जागा १९९८ मध्येच तयार झाली होती, पण परवाना मिळण्यास दहा वर्षे गेली. या काळात त्या स्त्रिया स्वस्थ बसल्या नाहीत. आपल्या बोलीत तृणधान्ये, बियाणे, आरोग्य व गाणी यांवरचे कार्यक्रम ध्वनिफितींवर मुद्रित करून त्या गावोगावच्या बैठकांत ते ऐकवीत व त्यावर चर्चा घडवीत. आकाशात लहर नव्हती, तरी श्रोतृमंडळ होते. पुण्याच्या प्रयोगाचे सार त्यांच्या हाती आपोआप आले होते.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांचे कर्तव्य

यावरून कार्यकर्त्यांनी घ्यावयाचा बोध थोडक्यात असा. पहिले, कार्यक्रमाची वेळ व विषय गावास आधी कळवावा आणि ऐकण्याची जागा अशी निवडावी की जेथे येण्यास कोणत्याही वस्तीच्या माणसास संकोच वाटणार नाही. दुसरे, ज्याच्या हातून काम व्हावयाचे आहे त्याला बैठकीस आणावे. मग ती घरची स्त्री असो, सालगडी असो वा मेंढपाळ. तिसरे, चर्चेत आपण कमी बोलावे. ज्याने अद्याप तोंड उघडले नाही, त्यास प्रथम विचारावे. चौथे, एक वही ठेवावी. तीत प्रश्न, तो कोठे पाठविला ती तारीख व उत्तर अशी तीन घरे आखावीत. तिसरे घर रिकामे राहिले, तर पुढील बैठकीपूर्वी त्याचा पाठपुरावा करावा. ‘उत्तर अजून आलेले नाही’ एवढे सांगितले तरी माणसाचा विश्वास टिकतो. पाचवे, निर्णय झाला असेल, तर तो कोण, केव्हा व कोणत्या शेतात अमलात आणणार हे त्याच बैठकीत ठरवावे.

आज शेतकऱ्याच्या खिशात भ्रमणध्वनी आहे आणि सल्ल्यांचा तुटवडा नाही. उलट दिवसभरात इतके संदेश येतात की खरा कोणता व खोटा कोणता हे निवडणे कठीण होते. अशा वेळी चार शेजाऱ्यांनी मिळून ऐकण्याची व ताडून पाहण्याची रीत पूर्वीपेक्षा अधिक गरजेची झाली आहे. यंत्र बदलले म्हणून रीत जुनी होत नाही.

नभोवाणीचे केंद्र शहरात असो वा गावाच्या वेशीवर, त्याची खरी कसोटी एकच आहे. संध्याकाळी कार्यक्रम ऐकून विचारलेला प्रश्न सकाळी कोणाच्या तरी वहीत लिहिलेला आहे काय, आणि पेरणीपूर्वी त्याचे उत्तर त्या घरी पोहोचले काय? ज्या गावी याचे उत्तर ‘होय’ असे येईल, त्या गावाने रेडिओचा उपयोग करून घेतला असे खुशाल समजावे.