मधल्या काळात खाल्लं काय?

लेखमाला : पैशाची पुस्तकं (भाग ९)

मागच्या भागात कंपनीचा ताळेबंद कसा वाचायचा ते पाहिलं. तो भाग वाचून अर्धापूरच्या एका केळीवाल्यानं मला नांदेडच्या नव्या मोंढ्यात गाठलं. पोरानं आणलेलं कुठल्याशा उद्योगपतीचं चरित्र त्यानं दोन रात्रींत संपवलं होतं. म्हणाला, "सर, हे सगळं खरं असंल. सायकलीवर हिंडला, मग शेड टाकलं, मग कारखाना, मग कोटी. पण मधल्या टायमाला घरात खाल्लं काय ह्यानं?"

इतका नेमका प्रश्न मी एकाही पुस्तक परीक्षणात वाचलेला नाही. केळीवाल्यालाच तो सुचणार, कारण त्याचं सगळं आयुष्य त्या 'मधल्या टायमात' जातं. कंद लावल्यापासून घड कापणीला येईपर्यंत वर्ष सरतं. ठिबक, खत, मजुरी, टेकू यांचे पैसे रोज बाहेर जातात आणि आत येतात ते एकदाच. तेही इसापूरच्या कालव्याला पाण्याच्या पाळ्या मिळाल्या, एप्रिल-मे महिन्यांत वावटळीनं बाग आडवी केली नाही आणि व्यापाऱ्यानं बरा भाव सांगितला तर. म्हणून या आठवड्यात ठरवलेला विषय बाजूला ठेवतो आणि हा प्रश्न हातात घेऊन दोन-तीन गाजलेली आयुष्यं पुन्हा वाचतो.

सुरुवात आपल्या गोठ्यापासून करू. जुन्या घरांत आढ्याला टांगलेला किंवा भिंतीला टेकवलेला लोखंडी नांगर असतो. त्याच्यावरचं गंजलेलं नाव पुष्कळदा किर्लोस्करांचं निघतं. हा नांगर करणारे लक्ष्मणराव किर्लोस्कर १८६९ साली बेळगावजवळच्या गुर्लहोसूरला जन्मले. त्यांचं चरित्र 'यांत्रिकाची यात्रा' या नावानं त्यांचे पुतणे शंकरराव किर्लोस्कर यांनी लिहिलं. हे शंकरराव म्हणजे 'किर्लोस्कर' मासिकाचे संपादक. घरच्या माणसानं लिहिलेलं चरित्र वाचताना एक डोळा उघडा ठेवावा लागतो. नात्यातला लेखणीधारी वाईट काळ लपवत नसला, तरी तो थोडा उजळून लिहितो. पण या घराण्याची गोष्ट कोणीही सांगितली तरी एक तपशील वगळता येत नाही. पहिला लोखंडी नांगर विकायला लक्ष्मणरावांना दोन वर्षं लागली. लोखंडानं जमिनीला विष चढतं, असं शेतकऱ्यांना वाटायचं.

दोन वर्षं! दुकानात माल पडून आहे आणि गिऱ्हाईक जमिनीला विष चढेल म्हणतंय. मग त्या काळात खाल्लं काय?

उत्तर सायकलीत आहे. लक्ष्मणराव मुंबईत व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये शिकवत होते. तिथून ते सायकली बेळगावला पाठवायचे आणि भाऊ रामूअण्णा त्या विकायचे. सायकलीची किंमत तेव्हा सातशेच्या पुढे, आणि चालवायला शिकवण्याचे पंधरा रुपये वेगळे. १८८८ सालापासून किर्लोस्कर बंधू हे नाव चालत आलं ते या सायकलीच्या दुकानामुळे. पुढे बढती डावलली गेली म्हणून लक्ष्मणरावांनी नोकरी सोडली आणि कडबा कापायचं यंत्र व नांगर यांच्या मागे लागले. चरित्रात नांगर नायक असतो आणि सायकल पहिल्या प्रकरणातली एक गंमत. हिशेबाच्या वहीत मात्र पान उलटं पडतं. सायकल शहरातल्या साहेबाला विकली जायची, पैसे रोख मिळायचे, आणि त्या पैशावर नांगराची दोन वर्षं निघाली.

नंतर बेळगावची जागा सोडावी लागली. तेव्हा औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी कुंडल रोड स्टेशनजवळ बत्तीस एकर माळ आणि दहा हजार रुपये कर्जाऊ दिले. माळावर निवडुंग आणि नाग. तिथे १९१० साली किर्लोस्करवाडी उभी राहिली. इथेही तीच गोष्ट. स्वतःच्या घामाची कमाई होतीच, पण घाम वाळेपर्यंत धीर धरणारा एक सावकारही होता आणि तो व्याजाला घाई करणारा नव्हता. लक्ष्मणरावांचे चिरंजीव शंतनुराव यांनी पुढे १९८२ मध्ये इंग्रजी आत्मचरित्र लिहिलं, त्याचं नावच 'कॅक्टस अँड रोझेस'. बहुतेक वाचक गुलाबांची पानं दुमडून ठेवतात. तुम्ही निवडुंगाची पानं शोधा.

आता दुसरं घर. गिरीश कुबेरांचं 'टाटायन' आपल्याकडच्या बऱ्याच वाचनालयांत आहे. टाटांवर लिहिणारा कोणीही १९२४ साल टाळू शकत नाही. पहिलं महायुद्ध संपलं, पोलादाचे भाव कोसळले, बाहेरचं स्वस्त पोलाद आलं आणि जमशेदपूरच्या कारखान्यात पगार द्यायला पैसे उरले नाहीत. कंपनी १९०७ साली स्थापन झालेली. म्हणजे सतरा वर्षं झाली होती आणि तरीही 'मधला काळ' संपला नव्हता. दोराबजी टाटांनी इम्पीरियल बँकेकडून एक कोटी रुपयांचं कर्ज उचलण्यासाठी स्वतःची मालमत्ता तारण ठेवली. त्यात पत्नी मेहेरबाईंचा ज्युबिली हिराही होता, सुमारे २४५ कॅरटचा.

पेरणीच्या तोंडावर सोनाराच्या किंवा बँकेच्या गोल्ड लोनच्या खिडकीपाशी उभी राहिलेली बाई ही गोष्ट एका ओळीत समजून घेते. फरक हिऱ्याच्या वजनाचा. दुसराही एक फरक आहे आणि तो महत्त्वाचा आहे. दोराबजींनी दागिना गहाण टाकला तो चालू कारखान्याचा पगार भागवायला. तो कारखाना कर्ज फेडू शकेल असा अंदाज त्यांनी आधी बांधला होता. लग्नाचा मंडप सजवायला गहाण टाकलेल्या पाटल्या परत येतात की नाही, हे तुम्ही मला सांगायची गरज नाही. हिरा पुढे सुटला. मेहेरबाई आणि दोराबजी गेल्यावर तो विकला गेला आणि ते पैसे दोराबजींच्या ट्रस्टमध्ये आले. त्याच ट्रस्टनं १९४१ साली परळचं टाटा हॉस्पिटल उभं केलं. नांदेड स्टेशनवरून मुंबईच्या गाडीत बसणाऱ्या किती रिपोर्टांच्या पिशव्या त्या दाराशी उतरतात, ते आपण जाणतो.

परदेशातलंही एक माणूस घेऊ, कारण गुंतवणुकीच्या पुस्तकांचा पाया त्याचा आहे. बेंजामिन ग्रॅहम. १९४९ सालचं त्याचं 'द इंटेलिजंट इन्व्हेस्टर' अजून खपतं. या पुस्तकात 'मिस्टर मार्केट' नावाचा एक भागीदार आहे. तो रोज दारात येऊन तुमच्या हिश्श्याचा भाव सांगतो. कधी आनंदात चढा, कधी घाबरून पडेल. ग्रॅहम म्हणतो, त्याचं ऐका, पण पटलं तरच व्यवहार करा. तो उद्या पुन्हा येणारच आहे.

मला वाटतं, हे पान अर्धापूरला जितकं लवकर कळेल तितकं ते पुण्या-मुंबईला कळणार नाही, कारण आपल्या एकाच शिवारात केळी आणि हळद शेजारी उभ्या असतात. हळद शिजवली, वाळवली, पॉलिश केली की हळकुंडं पोत्यात राहतात. मोंढ्यातल्या लिलावात आज भाव पडला तर पोतं परत नेता येतं किंवा वखारीत ठेवून बाजार समितीच्या तारण योजनेत उचल घेता येते. या योजनेत मालाच्या किमतीच्या साधारण पाऊण हिश्श्यापर्यंत, सहा टक्के व्याजानं, सहा महिन्यांसाठी रक्कम मिळते. हळदीवाल्याला मिस्टर मार्केटला 'उद्या या' म्हणता येतं. केळीवाल्याला नाही. घड पिवळा पडायला लागला की भाव ठरवायचा हक्क व्यापाऱ्याकडे गेला. ग्रॅहमचा सल्ला खरा आहे, पण तो हळदीवाल्याचा सल्ला आहे. शेअर उत्तम असेल, पण तुम्हाला पुढच्या महिन्यात कॉलेजची फी भरायची असेल, तर त्या दिवसापुरता तुमचा शेअर म्हणजे कापणीला आलेला घड. म्हणून फीचा पैसा शेअरमध्ये घालायचा नाही.

ग्रॅहमला हे कोणी पुस्तकातून शिकवलं नाही. १९२९ ची मंदी आली तेव्हा त्यानं कर्ज काढून शेअर घेतले होते. १९३२ पर्यंत त्यानं सांभाळलेल्या पैशातला सुमारे सत्तर टक्के पैसा गेला. तो भरून निघेपर्यंत त्यानं गुंतवणूकदारांकडून मोबदला घेतला नाही आणि त्याला १९३५ ची अखेर उजाडली. मग मधल्या काळात खाल्लं काय? तो कोलंबिया विद्यापीठात शिकवत होता, लेख लिहीत होता. पुन्हा तेच. एका हाताला नांगर, दुसऱ्या हाताला सायकल.

त्याचा चेला वॉरन बफे. याच्यावरची पुस्तकं नांदेडच्या फुटपाथवरही मिळतात. त्यातली एकच गोष्ट सांगून पुढे जातो. १९६५ मध्ये त्यानं बर्कशायर हॅथवे ही कापडगिरणी ताब्यात घेतली. व्यवहाराच्या भावात गिरणीच्या प्रमुखानं थोडी चलाखी केली म्हणून रागानं घेतली. वीस वर्षं चालवून १९८५ ला बंद केली. स्वतःच्या मोठ्या चुकांत तो तिची गणना करतो. नांदेडची उस्मानशाही मिल बंद पडलेली ज्यांनी पाहिली, त्यांना कापडगिरणीतला पैसा कसा मुरतो हे सांगायला अमेरिकेतून कोणी यायला नको.

आता मोठ्या खपाच्या 'श्रीमंत व्हा' छापाच्या पुस्तकांबद्दल. त्यातली बहुतेक पुस्तकं एक गोष्ट गृहीत धरतात. दर महिन्याच्या एक तारखेला पगार होतो, म्हणून दर महिन्याच्या पाच तारखेला एसआयपी कापा. बाग कापणाऱ्याच्या घरी एक तारीख येते ती वर्षातून एकदा. सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवा, हा सल्लाही पगाराच्या मापाचा आहे. आपलं माप एक बाग. नवीन लागवड आणि घरखर्च मिळून बारा-चौदा महिने निघतील एवढी रक्कम बँकेच्या ठेवीत आधी ठेवायची. त्यावर उरलं आणि शेअर बाजारात शिरायचंच असेल, तर एकरकमी उडी मारू नका. मालविक्रीची पट्टी आली की पैसे लिक्विड फंडात टाकता येतात आणि तिथून दर महिन्याला ठरलेली रक्कम आपोआप शेअर फंडाकडे वळवता येते. याला एसटीपी म्हणतात. एसआयपीचीच बहीण, पण हंगामी घरात नांदणारी.

एका शब्दाबद्दल सांगायचं राहिलं. 'दामदुप्पट'. आमच्या घरातही कधीतरी एक ओळखीचा माणूस चकचकीत माहितीपत्रक घेऊन आला होता. तीन वर्षांत दामदुप्पट. वडिलांनी पट्टीतली रक्कम दिली. त्या माणसानं पुढच्या वर्षी फोन उचलायचं सोडलं. तेव्हा मला बहात्तरचा आकडा माहीत नव्हता. बहात्तरला वर्षांनी भागा, म्हणजे व्याजाचा साधारण दर निघतो. तीन वर्षांत दुप्पट म्हणजे वर्षाला चोवीस टक्के, म्हणजे गावच्या भाषेत शेकडा दोन रुपये महिना. हा दर गावात कोण कोणाकडून घेतो? अडलेल्याकडून सावकार. मग कुठली कंपनी आपण होऊन, हसतमुखानं, आपल्याला तो द्यायला दारात येईल? आणि शब्दाची थट्टा बघा. दामदुप्पट हा मूळचा हिंदू धर्मशास्त्रातला ऋणकोच्या बाजूचा नियम. सावकारानं एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करायचं नाही, एवढाच त्याचा अर्थ. लुबाडणुकीला घातलेलं दावं माहितीपत्रकावाल्यांनी आमिष म्हणून वापरलं.

केळीवाल्या मित्राकडून वाचायला घेतलेलं ते चरित्र मी परत दिलं तेव्हा पुस्तकाच्या समासात पेन्सिलीनं खुणा केल्या होत्या. पैसा आत आला तिथे बेरीज, बाहेर गेला तिथे वजाबाकी, आणि कुठून आला ते लेखकानं सांगितलंच नाही तिथे गोळा. तीनशे पानांत गोळे सतरा निघाले. तो म्हणाला, "म्हंजे सतरा वर्सं ह्याच्या सासऱ्यानं पोसलं म्हणा की." तसं पुस्तकात कुठे लिहिलेलं नाही, पण मला त्याला खोडून काढता येईना.

पुढच्या आठवड्यात शेअर. त्यासाठी घरातली ट्रंक उघडून साखर कारखान्याच्या सभासदत्वाचा दाखला काढून ठेवा. त्यालाही शेअरच म्हणतात, मग तो मुंबईच्या बाजारात का विकला जात नाही, आणि कितीही शेअर असले तरी कारखान्याच्या सभेत हात एकदाच का वर करता येतो, तिथून सुरुवात करू.