जुनी खिडकी स्वतः काढताय? आधी वरची भिंत कशावर उभी आहे ते बघा

पावसाळ्याआधी घराची डागडुजी निघाली की वाळवी लागलेल्या लाकडी खिडक्या काढून तिथे ॲल्युमिनियमच्या स्लायडिंग बसवायचं काम बरेच जण हाती घेतात. मजुरी वाचावी म्हणून पहार घेऊन घरचेच सुरू होतात. काम अवघड नाही, पण पहिला घाव घालायच्या आधी वर बघा.

चौकटीच्या वर आडवं लाकूड, लांब दगड किंवा सिमेंटचं लिंटेल असायला हवं. ते दोन्ही बाजूंना निदान वीतभर भिंतीवर टेकलेलं पाहिजे. लाकूड असेल तर टोकांना स्क्रू ड्रायव्हर टोचून बघा. सहज आत गेला तर आतून पोखरलंय. मातीत बांधलेल्या जुन्या घरांत कधीकधी वर काहीच नसतं, सगळा भार चौकटच पेलते. अशी चौकट काढली की वरचे दगड खाली येतात, आणि खाली तुम्हीच उभे असता. वर आडवं काही नसेल, ते कुजलं असेल किंवा खिडकीच्या कोपऱ्यातून तिरकी चीर गेली असेल, तर स्वतः हात लावू नका. टेकू देऊन काम करणारा जाणता गवंडी बोलवा.

भार नसल्याची खात्री झाली की मेन स्विच बंद करा, खिडकीजवळून वायर गेलेली असते. काचांवर आडवी-उभी चिकटपट्टी लावून त्या आधी काढा. मग बिजागऱ्यांचे स्क्रू काढून झडपा उतरवा. गज एक्सा ब्लेडने कापा. ग्राइंडर वापरला तर चष्मा हवाच, आणि जवळ कडबा किंवा पऱ्हाट्या नकोत, ठिणगी लांब उडते.

चौकट ठोकून ढिली करायची नाही, त्या हादऱ्यानं मातीची भिंत सुटते. दोन्ही उभी लाकडं मधोमध करवतीनं कापा आणि पहारीनं आतल्या बाजूला ओढा. भिंतीत गेलेल्या लोखंडी पट्ट्या उपटू नका, कापा. फटीत हात घालू नका, विंचू तिथेच असतो. (सागाची चौकट विकायची असेल तर सुताराकडूनच सोडवा. कापली की भाव गेला.)

आता रंगाचं. जुन्या ऑइलपेंटमध्ये शिसं असायचं. आपल्याकडे घरगुती रंगातल्या शिशावर ९० पीपीएमची मर्यादा १ नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाली. त्याआधीचा रंग असेल तर कोरडा घासू नका, पाणी मारून खरवडा, तोंडाला मास्क लावा, लहान पोरं आणि गरोदर बाई लांब ठेवा. आणि ते लाकूड चुलीत किंवा बंबात घालू नका. सरपण फुकट मिळालं असं वाटतं, पण शिसं धुरातून आणि राखेतून घरातच फिरतं. त्या राखेनं भांडी घासणं तर आणखी वाईट. लहान मुलांच्या मेंदूवर त्याचा परिणाम होतो आणि तो भरून येत नाही.

गंजका खिळा लागलाच तर जखम साबण-पाण्यानं धुवा आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनसाठी त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात जा.