शहापूर व मुरबाड तालुक्यांतील किराणा दुकाने

शहापूर व मुरबाड तालुक्यांतील किराणा दुकाने हा ठाणे जिल्ह्याच्या ग्रामीण भागातील किरकोळ व्यापाराचा मुख्य आधार आहे. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा वेगळा झाल्यानंतर उरलेल्या जिल्ह्यात हे दोन तालुके बहुतांशी ग्रामीण राहिले. येथील दुकानदाराचा खरा प्रतिस्पर्धी शेजारचे दुकान नसून कल्याण परिसरातील सुपरमार्केट होय. शहापूरजवळचे आसनगाव हे कल्याण–कसारा रेल्वेमार्गावरील स्थानक असल्याने नोकरीसाठी ये-जा करणारा पगारदार महिन्याचा किराणा परतीच्या वाटेवर भरू शकतो. मुरबाडहून कल्याणला जाण्यासाठी एस.टी. किंवा खासगी वाहन लागते.

उधारी आणि सुटी विक्री

भातलावणी, वीटभट्टी वा अन्य रोजंदारीवर जगणाऱ्या कुटुंबांना महिन्याचे सामान एकदम घेणे परवडत नाही. शिधापत्रिकेवर तांदूळ-गहू मिळतो. तेल, डाळ, मिरची, चहा, साखर आणि सुकट मात्र दुकानातून, अनेकदा त्या दिवसापुरतीच घेतली जाते. पावसाळ्यात हाती पैसा नसताना दुकानदार वहीत नोंद करून माल देतो आणि भात निघाल्यावर हिशेब होतो. ही सोय सुपरमार्केटमध्ये नसते. तथापि, उधारीवर माल देण्यासाठी लागणारे खेळते भांडवल रोखीच्या गिऱ्हाइकाकडूनच येते, आणि सुपरमार्केटकडे प्रथम वळतो तो हाच ग्राहक. त्यामुळे त्याच्या जाण्याची झळ उधारीवर अवलंबून असलेल्या कुटुंबांनाही बसू शकते.

दर

मोठ्या साखळ्या उत्पादकांकडून घाऊक प्रमाणात थेट खरेदी करतात. छोट्या दुकानदाराला वितरक किंवा घाऊक व्यापारी गाठावा लागतो. म्हणून साखळी दुकानातील सवलतीचा दर कधी कधी त्याच्या खरेदीदराच्या आसपास असतो. सुट्या मालात हा फरक तितका जाचत नाही.

रोखविरहित व्यवहार

मुरबाड तालुक्यातील धसई हे १ डिसेंबर २०१६ रोजी राज्यातील पहिले रोखविरहित गाव म्हणून घोषित झाले. तेथील दुकानदारांना कार्ड स्वाइप करण्याची यंत्रे देण्यात आली. अर्थात, बँक खात्यात रक्कम असल्याशिवाय डेबिट कार्ड चालत नसल्याने वहीची जागा या यंत्राला घेता येणे शक्य नव्हते.

शासकीय धोरण

सप्टेंबर २०१२ मध्ये केंद्र शासनाने बहुब्रँड किरकोळ व्यापारात ५१ टक्क्यांपर्यंत थेट परकीय गुंतवणुकीस परवानगी दिली. महाराष्ट्राने हे धोरण स्वीकारले. तथापि, अशी दुकाने मुख्यतः १० लाखांहून अधिक लोकसंख्येच्या शहरांपुरती मर्यादित ठेवण्यात आली. कल्याण-डोंबिवली या अटीत बसते. देशी भांडवलावरील साखळ्यांना मात्र ही अट लागू नाही.