कान देऊन : लेखांक ६ – कोणता ‘हीरोज’ ऐकताय?

एमपी३ फाइल लहान करताना आवाजातलं काय काय गाळलं जातं, ते गेल्या आठवड्यात पाहिलं. फ्लॅक या प्रकारच्या फाइलमध्ये काहीच गाळलं जात नाही. झिप फाइलसारखं सगळं आवळून ठेवायचं आणि वाजवताना जसंच्या तसं उलगडायचं, एवढंच त्याचं काम. सीडीत सेकंदाला १,४११ किलोबिट असतात, ते रॉकच्या बाबतीत साधारण निम्म्या ते पाऊण जागेत मावतात. आता हे कानांनी पडताळायचं तर एकाच गळ्यात अनेक गायक वागवणारा माणूस हवा. माझी निवड डेव्हिड बोवी.

१९७१च्या ‘हंकी डोरी’त तो रंगमंचावरच्या नटासारखा शब्द फेकतो. चारच वर्षांनी ‘यंग अमेरिकन्स’मध्ये फिलाडेल्फियाच्या सोल संगीताचा बाज उचलतो, तिथे मागे गाणाऱ्यांत, तेव्हा फारसा कुणाला ठाऊक नसलेला ल्यूथर व्हँड्रॉस आहे. ‘स्टेशन टू स्टेशन’मध्ये तोच गळा खर्जात उतरतो.

पण आपल्या विषयासाठी खरं गाणं म्हणजे १९७७चं ‘हीरोज’. बर्लिनच्या हान्सा स्टुडिओतल्या मोठ्या दालनात निर्माता टोनी व्हिस्कॉन्टीने बोवीसमोर तीन माइक लावले. एक तोंडाजवळ, दुसरा सुमारे २० फुटांवर, तिसरा ५० फुटांवर. लांबच्या दोन माइकना ‘गेट’ जोडले होते: आवाज ठरावीक पातळीच्या वर चढला तरच ते उघडायचे. म्हणून सुरुवातीला बोवी शेजारी बसून बोलल्यासारखा वाटतो आणि शेवटी ओरडू लागतो तेव्हा अख्खं दालन त्याच्याबरोबर घुमतं. ही घूम मागाहून यंत्राने चढवलेली नाही, त्या जागेचीच आहे. अशा विरत जाणाऱ्या घुमेवर आणि झांजांवर कमी बिटरेटचा एमपी३ पहिला घाव घालतो. ३२० किलोबिटचा एमपी३ मात्र भल्याभल्यांना फ्लॅकपासून वेगळा ओळखता येत नाही. तिथे ‘फरक लगेच कळतो’ म्हणणाऱ्यांना एकदा फाइलचं नाव झाकून ऐकवावं.

मग कळणारा फरक कुठे असतो? मास्टरिंगमध्ये, म्हणजे सीडी निघण्याआधी आवाजावर केल्या जाणाऱ्या शेवटच्या संस्कारात. बोवीचे सत्तरच्या दशकातले अल्बम सीडीवर पुन्हा पुन्हा आले: ऐंशीच्या दशकात आरसीएने काढलेले, नव्वदच्या सुमारास रायकोडिस्कचे, १९९९मध्ये ईएमआयचे आणि २०१५पासून पार्लोफोनचे मोठे संच. फ्लॅक यांतल्या कशाचीही करता येते, आणि प्रत्येक फ्लॅक ‘लॉसलेस’च. तरी १९९९च्या आवृत्त्या आरसीएच्या सीडींपेक्षा चढ्या आवाजात वाजतात. हळू आणि जोरकस यांतलं अंतर त्यात आक्रसलं आहे. संग्राहक आजही आरसीएच्या जुन्या सीडी शोधत फिरतात ते उगाच नाही.

पार्लोफोनच्या २०१७च्या संचात तर ‘हीरोज’ हे गाणं मध्येच एका जागी आवाजाची पातळी बदलायचं. श्रोत्यांनी ते पकडलं. कंपनीने आधी मूळ टेपच्या दुरवस्थेकडे बोट दाखवलं, नंतर दुरुस्त सीडी बदलून दिल्या. ती चूक फ्लॅकमध्येही तंतोतंत उतरली असणार, कारण फ्लॅकचं कामच ते.

तेव्हा या आठवड्याचा गृहपाठ. बोवीचा कोणताही अल्बम लावण्याआधी आवृत्तीचं साल बघा. दोन आवृत्त्यांची तुलना करायची असेल तर दोन्हींचा आवाज सारख्या पातळीवर आणा. नाहीतर जी मोठ्याने वाजेल तीच चांगली वाटते. हेडफोन तारेचा घ्या. बहुतेक ब्लूटूथ हेडफोन फ्लॅकलाही वाटेत पुन्हा गाळणी लावतातच.

आणि ‘लाइफ ऑन मार्स?’मधली वाद्यं विरली की लगेच पुढच्या गाण्यावर जाऊ नका. स्टुडिओत वाजलेला एक टेलिफोन तिथे तसाच राहून गेला आहे. तो मात्र साध्या एमपी३तही ऐकू येतो.