पू न होणारी जखम

पायात काटा मोडला आणि तसाच राहिला, तर काय होते हे तुम्हांला ठाऊक आहे. ती जागा लाल होते, सुजते, ठणकू लागते आणि दोनतीन दिवसांत तिथे पू धरतो. पू पाहून आपण नाक मुरडतो. पण हा पू म्हणजे जंतूंशी झुंजताना मेलेल्या आपल्याच पांढऱ्या पेशींचा ढीग असतो! यांतील बहुतेक पेशींचे नाव आहे न्यूट्रोफिल.

आता विचार करा. एखाद्याच्या रक्तात न्यूट्रोफिल जवळजवळ उरलेच नाहीत, तर त्याच्या जखमेत पू होईल का? होणार नाही. मग ती जखम निर्धोक समजायची का? मुळीच नाही! तिथे जंतू नाहीत असे नव्हे, तर त्यांच्याशी लढायला कोणी आलेलेच नाही.

काट्याचा प्रयोग

१८८२ साली इटलीतील मेसिना येथे मेचनिकॉफ या रशियन शास्त्रज्ञाने तारामाशाच्या पारदर्शक डिंभात गुलाबाचा काटा टोचला. दुसऱ्या दिवशी सूक्ष्मदर्शकातून पाहतो तो काय, फिरत्या पेशींनी काट्याला गराडा घातला होता! परक्या वस्तूंना वेढून गिळणाऱ्या पेशी शरीरात असतात, हा विचार त्यातून पुढे आला. याच सुमारास जर्मनीत पाउल एर्लिख निरनिराळे रंग वापरून रक्तपेशींचे प्रकार ओळखत होता. आम्लधर्मी नाही, अल्कधर्मी नाही, अशा उदासीन रंगाने रंगणाऱ्या पेशी म्हणून यांना न्यूट्रोफिल हे नाव पडले. १९०८ सालचे नोबेल पारितोषिक या दोघांना विभागून मिळाले.

न्यूट्रोफिल अस्थिमज्जेत, म्हणजे हाडांच्या पोकळीतील मगजात, तयार होतात. प्रौढ माणसाच्या शरीरात त्या रोज सुमारे दहा हजार कोटी निर्माण होतात! मात्र रक्तात आल्यावर त्यांचे आयुष्य फार थोडे असते. म्हणून कारखाना बंद पडला, की साठा झपाट्याने संपतो.

टक्के फसवतात

रक्ततपासणीच्या कागदावर न्यूट्रोफिल टक्क्यांत दिलेले असतात. पण जंतूंशी टक्के लढत नाहीत, पेशी लढतात! म्हणून एक सोपे गणित करावे लागते : एकूण पांढऱ्या पेशींना न्यूट्रोफिलच्या टक्केवारीने गुणा आणि शंभराने भागा.

समजा, एका मुलाच्या एका घनमिलिमीटर रक्तात ६,००० पांढऱ्या पेशी आहेत आणि त्यांपैकी न्यूट्रोफिल ४० टक्के. उत्तर येते २,४००. दुसऱ्याच्या पांढऱ्या पेशी १,२००, न्यूट्रोफिल ६० टक्के. उत्तर फक्त ७२०! टक्के जास्त असूनही धोका दुसऱ्याला आहे. साधारणपणे १,५०० च्या खाली संख्या गेली, की ती कमी समजतात. ५०० च्या खाली ती गंभीर मानली जाते. १९६६ साली अमेरिकेतील जेराल्ड बोडी व त्यांच्या सहकाऱ्यांनी तीव्र रक्तकर्करोगाच्या ५२ रुग्णांच्या नोंदी तपासल्या. ही संख्या जितकी खाली आणि जितके जास्त दिवस खाली, तितका जंतुसंसर्गाचा धोका मोठा, असे त्यांना आढळले.

संख्या का घटते?

फ्लूसारख्या विषाणूंच्या तापात, डेंग्यूत किंवा टायफॉइडमध्ये ती तात्पुरती घटू शकते आणि बहुधा आपोआप भरून येते. डॉक्टर काही दिवसांनी पुन्हा रक्त तपासतात ते याचसाठी. ब-१२ जीवनसत्त्वाचा अभाव, काही औषधे आणि अस्थिमज्जेचे आजार हीही कारणे आहेत. आफ्रिकी वंशाच्या अनेक निरोगी लोकांत ती जन्मतःच थोडी कमी असते आणि त्यांना त्याचा काही त्रास होत नाही.

गंभीर घट पुष्कळदा दिसते ती कर्करोगावरील केमोथेरपीनंतर. ही औषधे भराभर वाढणाऱ्या पेशींना मारतात. कर्करोगाच्या पेशी भराभर वाढतात, पण अस्थिमज्जेतील पेशीही तशाच वाढतात! औषध दिल्यावर साधारण सात ते चौदा दिवसांनी न्यूट्रोफिल सर्वांत कमी होतात. अस्थिमज्जेला चालना देणारे इंजेक्शन १९९१ सालापासून उपलब्ध आहे. ते कोणाला व केव्हा द्यायचे, हे मात्र डॉक्टरच ठरवतात.

ताप हीच खूण

अशा रुग्णाच्या शरीरात जंतू शिरले, तर ना सूज, ना पू. फुप्फुसाचा संसर्गही क्ष-किरण चित्रात लवकर दिसेलच असे नाही. बऱ्याच वेळा ताप ही एकच खूण उरते. म्हणून ३८ अंश सेल्सियस, म्हणजे १००.४ अंश फॅरनहाइट, इतका ताप आला तरी रुग्णाला तत्काळ रुग्णालयात न्यावे लागते. मग मध्यरात्र असली तरी! तापाची गोळी देऊन सकाळची वाट पाहणे घातक ठरू शकते, कारण ताप उतरला तरी जंतू वाढतच राहतात आणि काही तासांत जीव धोक्यात येतो. तेच शिरेतून जंतुनाशक औषध लवकर सुरू झाले, तर बहुतेक रुग्ण बरे होतात.

बाकीची काळजी साधी आहे. साबणाने वारंवार हात धुणे, ताजे व नीट शिजवलेले अन्न, उकळलेले पाणी, मऊ ब्रशने दात घासणे आणि गर्दी टाळणे. उघड्यावर कापून ठेवलेली फळे तर नकोतच.

विद्यार्थी मित्रांनो, लहान मुलांतील रक्तकर्करोग आज बऱ्याच वेळा बरा होतो आणि ही मुले उपचार चालू असतानाही शाळेत येतात. तुमच्या वर्गात असा मित्र असेल, तर त्याला वाळीत टाकू नका. त्याचा आजार तुम्हांला लागत नाही. तुमची सर्दी मात्र त्याला महागात पडू शकते! तुम्हांला सर्दी-खोकला असेल तेव्हा त्याच्यापासून दूर बसा आणि गप्पा फोनवर मारा. आणि शिक्षकांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी : अशा मुलाचे अंग तापलेले वाटले, तर शाळा सुटेपर्यंत थांबू नये. त्याच क्षणी घरी कळवावे.