समोरच्या सीटवरची माणसं

शनिवारी रात्री पिझ्झा मागवून झकास टाइमपास करायचा असेल, तर ‘मनकामना’ लावू नका. बोअर व्हाल! पण आठवडाभर माणसांऐवजी त्यांचे ई-मेल आयडीच दिसत असतील, तर मात्र लावाच.

नेपाळच्या गोरखा जिल्ह्यात मनकामना देवीचं देऊळ आहे. पूर्वी भाविक डोंगर चढून जायचे. १९९८मध्ये तिथे केबल कार आली. स्टेफनी स्प्रे आणि पाचो वेलेझ या दोघांनी तिच्यात कॅमेरा लावला आणि समोर बसलेल्यांचं शूटिंग केलं. फंडा एकदम सोपा. एक फेरी साधारण दहा मिनिटांची, १६ एमएम फिल्मचा एक रोलही जवळपास तेवढाच. मध्ये कट नाही. अशा अकरा फेऱ्या, की फिल्म संपली (२०१३). मुलाखती नाहीत, निवेदन नाही. अहो, देऊळसुद्धा दाखवलेलं नाही!

पहिल्या फेरीत एक आजोबा आणि एक मुलगा. दोघंही गप्प. दोन मिनिटांत माझा हात रिमोटकडे गेला. मग लक्षात आलं, आपण कधीच कुणाकडे इतका वेळ बघत नाही. लोकलमध्ये बोरिवली ते चर्चगेट एक बाई आपल्यासमोर बसलेली असते. उतरल्यावर तिच्या साडीचा रंग तरी सांगता येईल?

पुढे दोन बायका आइस्क्रीम खातात. ते वितळतं, हातावर ओघळतं, त्यांची तारांबळ उडते. याची पंधरा सेकंदांची क्लिप ऑफिसच्या ग्रुपवर आली असती, तर आपण ‘काय गावठी!’ म्हणून खिदळलो असतो. इथे पहिल्या मिनिटात हसू येतं आणि संपतं. पुढची मिनिटं आपण त्यांच्याबरोबर नुसते बसून राहतो. त्या मस्त मजेत असतात, आणि आपल्या शिक्क्याची त्यांना काडीची गरज नसते.

यात छुपा कॅमेरा नाही, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. स्प्रेने नेपाळमध्ये अनेक वर्षं काम केलंय. बरेचसे प्रवासी तिच्या ओळखीचे. कॅमेरा समोर आहे हे माहीत असूनही ते आपापल्या विचारात हरवतात.

एका फेरीत तर फक्त बकऱ्या आहेत, उघड्या ट्रॉलीत. देवीला बळी देण्यासाठी चाललेल्या. त्यांनाही अख्खी फेरी दिलीय, एक सेकंद न कापता. परतीच्या फेऱ्यांमध्ये त्या दिसत नाहीत.