चोच कापण्याची नव्वद वर्षे

जळगाव जामोदहून भिंगारा, चाळीसटापरीकडे सातपुडा चढू लागले की अंगणात मोकळ्या फिरणाऱ्या कोंबड्या दिसतात. दिवसभर माती उकरायची, वाळवी टिपायची, संध्याकाळी डालग्यात शिरायचे. दुसरीची पिसे उपटायला त्यांना सवड कुठली? चोच कापायची गरज माणसाने कोंबडी कोंडल्यावर पडली.

अमेरिकेत 1903 मध्ये कोंबड्यांच्या चष्म्याचे पेटंट दिले गेले, इतर कोंबड्यांच्या टोचांपासून डोळे वाचावेत म्हणून. 1930च्या दशकात ओहायोच्या शेती प्रयोग केंद्राने चोचीचे टोक छाटून पाहिले. पुढच्या दशकात सॅन दिएगोचा एक कोंबडीपालक गॅसच्या ज्योतीने चोची जाळू लागला आणि तिथल्याच लायन इलेक्ट्रिक कंपनीने तापत्या पात्याचे यंत्र आणले. तेच पाते कापते आणि डाग देऊन रक्तही थांबवते.

भारतात 1971 मध्ये व्यंकटेश्वरा हॅचरीज आणि 1982 मध्ये राष्ट्रीय अंडी समन्वय समिती उभी राहिली. अंड्यांचा धंदा वाढला, तशी लेयर फार्मवर 'डिबिकिंग' नेहमीची झाली. ब्रॉयलर सहा आठवड्यांत विकला जातो, म्हणून तो सुटला. लेयर मात्र वर्षाहून अधिक काळ पिंजऱ्यात असते.

चोच म्हणजे नख, कापले तरी काय होते, हा समज बरीच वर्षे टिकला. 1985 मध्ये एडिनबराच्या संशोधकांनी कापलेल्या टोकाशी मज्जातंतूंच्या गाठी दाखवल्या आणि त्यांतून विकृत संवेदना उठत असल्याचे मांडले. कोंबड्यांमधली टोच मारण्याची उतरंड 1920च्या सुमारास मांडली ती नॉर्वेच्या श्येल्डरुप-एब्बे यांनी. त्याच नॉर्वेने 1974 मध्ये चोच कापण्यावर बंदी घातली. अमेरिकेत संशोधक विल्यम मुइर यांनी पैदाशीसाठी एकेका कोंबडीऐवजी अख्ख्या पिंजऱ्याची निवड केली, तेव्हा काही पिढ्यांतच मरतूक 68 टक्क्यांवरून 9 टक्क्यांच्या आसपास आली. माझ्या मते या सगळ्या मागोव्यातले हेच सर्वांत मोलाचे काम, कारण त्यात कोंबडीला हातही लावावा लागला नाही.

आता आपल्याकडचे पाहू. तापलेले पत्रे, फटीतून येणारा उन्हाचा पट्टा, दाटी, अपुरी खाद्यभांडी: टोचाटोचीला एवढे पुरते. घरचा मका आणि सोयाबीन पेंड मिसळून खाद्य केले तर मेथिओनिन कमी पडते; मिठाचे प्रमाण चुकले तरी कोंबड्या एकमेकींवर उठतात. एकदा रक्त दिसले की अख्खा कळप त्या जखमेमागे लागतो. जखमी कोंबडी लगेच वेगळी काढायची, उजेड मंद ठेवायचा, मेथी-कोबीचा पाला उंच टांगायचा, बसायला दांड्या द्यायच्या, अंग घोळायला कोरडी माती ठेवायची.

एवढे करूनही चोच कापावीच लागली, तर पिल्लू दहा दिवसांचे होण्याआधी, जाणत्या हाताकडून आणि टोकापुरतीच कापून घ्या. पण त्या माणसाला बोलावण्याआधी मे महिन्यातल्या दुपारी दोन वाजता स्वतः शेडमध्ये तासभर उभे राहून पाहा.